विश्लेषण : हिवाळी ऑलिम्पिक जन्मले तेव्हा भारत कुठे होता? दोराबजी टाटा आणि अनवाणी धावपटूंची गोष्ट

मालेगावात उन्हाळ्यात पारा ४२ अंशांच्या पुढे जातो. इथे बर्फ दिसतो तो रसवंतीत किंवा गोळ्याच्या गाडीवर. त्यामुळे हिवाळी ऑलिम्पिक ही आपल्यासाठी मोबाइलवर पाहण्याची गोष्ट. मात्र या स्पर्धेचा जन्म झाला त्याच काळात, म्हणजे १९२० ते १९२७ या वर्षांत, भारतानेही ऑलिम्पिकच्या दारात पहिले पाऊल टाकले. ते टाकायला लावणारा माणूस मुंबईचा होता, त्याला धावपटू सापडले पुण्यात आणि पहिल्या चमूतील अर्ध्याहून अधिक खेळाडू मुंबई इलाख्यातील होते. सर दोराबजी टाटा यांच्या आयुष्याचा हा भाग पोलाद आणि विजेच्या कहाणीत झाकला गेला. पण भारत उन्हाळी ऑलिम्पिकमध्ये लवकर का पोहोचला आणि हिवाळी ऑलिम्पिकमध्ये इतक्या उशिरा का, याचे उत्तर बरेचसे त्यातच दडले आहे.

दोराबजी टाटा कोण होते?

उद्योगपती जमशेटजी टाटा यांचे ते थोरले पुत्र. जन्म २७ ऑगस्ट १८५९, मुंबई. शालेय शिक्षण मुंबईत झाल्यावर त्यांना इंग्लंडला पाठवण्यात आले. १८७७ मध्ये ते केंब्रिज विद्यापीठात दाखल झाले, दोन वर्षांनी परतले आणि मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातून १८८२ मध्ये पदवीधर झाले. त्यानंतर त्यांनी थेट वडिलांच्या पेढीत पाऊल ठेवले नाही. ‘बॉम्बे गॅझेट’ या वृत्तपत्रात त्यांनी सुमारे दोन वर्षे पत्रकारिता केली. १८८४ मध्ये ते कापसाच्या व्यवसायात आले. पुढे नागपूरच्या एम्प्रेस मिलमध्ये त्यांनी कामाचे धडे घेतले.

जमशेटजींचे १९०४ मध्ये निधन झाले, तेव्हा त्यांची तीन मोठी स्वप्ने कागदावरच होती : पोलादाचा कारखाना, जलविद्युत प्रकल्प आणि विज्ञान संस्था. ती प्रत्यक्षात आणण्याचे काम दोराबजींच्या वाट्याला आले. पोलाद कंपनी १९०७ मध्ये स्थापन झाली आणि १९१२ मध्ये साकचीत, म्हणजे आजच्या जमशेदपुरात, पोलाद तयार होऊ लागले. बेंगळूरुची विज्ञान संस्था १९०९ मध्ये स्थापन झाली. खोपोलीच्या जलविद्युत केंद्रातून १९१५ मध्ये मुंबईच्या कापड गिरण्यांना वीज मिळू लागली. १९१० मध्ये ब्रिटिश सरकारने त्यांना ‘सर’ हा किताब दिला होता.

खेळांची गोडी कुठून लागली?

केंब्रिजमधून. तिथे ते क्रिकेट आणि फुटबॉल खेळले, इतर मैदानी खेळांतही रमले. मुंबईत परतल्यावर त्यांना जाणवले की इथल्या मुलांना शाळा आहेत, पण खेळाची व्यवस्था नाही. ब्रिटिश मित्रांच्या मदतीने त्यांनी मुंबईतील शाळांची क्रीडा संघटना उभी करण्यात पुढाकार घेतला आणि तिचे सरचिटणीसपद सांभाळले. सुरुवात आंतरशालेय क्रिकेटने झाली, मग मैदानी स्पर्धा आल्या.

घरातही खेळ होता. १८९० च्या दशकाच्या अखेरीस त्यांचा विवाह मेहरबाई भाभा यांच्याशी झाला. मेहरबाई उत्तम टेनिसपटू होत्या आणि साडी नेसूनच कोर्टवर उतरत. अणुशास्त्रज्ञ होमी भाभा हे त्यांचे भाचे.

पुण्यात १९१९ मध्ये काय दिसले?

पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने दोराबजींना अध्यक्ष केले होते. तिथल्या स्पर्धांना येणारी बरीचशी मुले शेतावर राबणारी होती. खाणे जेमतेम, प्रशिक्षण शून्य. आधुनिक स्पर्धांचे नियम आयोजकांनाही नीट ठाऊक नव्हते. मैदान लहान, म्हणून १०० यार्डांची शर्यत सरळ रेषेत न घेता वळणावरून घेण्याचा बेत होता. शंभर यार्डांची शर्यत वळणावर घेतली तर वेळेची तुलनाच होऊ शकत नाही, हे दोराबजींनी त्यांना समजावून सांगितले.

मुख्य आकर्षण होते लांब पल्ल्याच्या शर्यतीचे. खडबडीत रस्त्यावरून, अनवाणी. त्या धावपटूंनी दिलेल्या वेळा पाहून दोराबजी थबकले. युरोपातील नामवंत धावपटूंच्या वेळांशी त्यांची तुलना होऊ शकत होती. वहाणा नाहीत, प्रशिक्षक नाही, धावपट्टी नाही, तरीही हा वेग. मग ही मुले ऑलिम्पिकमध्ये का नाहीत, हा प्रश्न त्यांना पडला.

उत्तर सरळ होते. ऑलिम्पिकमध्ये स्वतःच्या मर्जीने जाता येत नाही. देशाची मान्यताप्राप्त समिती लागते, तिने नाव पाठवावे लागते आणि प्रवासाचा खर्च कुणीतरी करावा लागतो. भारतात यांपैकी काहीही नव्हते. १९०० च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये कोलकात्याच्या नॉर्मन प्रिचर्ड यांनी दोन रौप्यपदके जिंकली होती खरी, पण त्यांना कोणत्याही भारतीय संस्थेने पाठवलेले नव्हते.

दोराबजींनी मुंबईचे तत्कालीन गव्हर्नर सर जॉर्ज लॉइड यांची मदत घेतली. १९२० च्या सुरुवातीला भारताला अँटवर्प ऑलिम्पिकमध्ये भाग घेण्याची परवानगी मिळाली. पुण्यात निवड चाचणी झाली. खर्चाचा मोठा वाटा दोराबजींनी उचलला, बाकी रक्कम सरकारकडून आणि देणग्यांतून जमली. त्याच वर्षी ते आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचे, म्हणजे आयओसीचे, सदस्य झाले.

अँटवर्पमध्ये भारतीयांची कामगिरी कशी झाली?

चमू सहा जणांचा होता. चार धावपटू आणि दोन मल्ल. धावपटूंमध्ये बेळगावचे फडेप्पा चौगुले, हुबळीचे कैकाडी, सदाशिव दातार आणि बंगालचे पूर्मा बॅनर्जी. कुस्तीत कुमार नवले आणि रणधीर शिंदे. बोटीने इंग्लंड गाठून, तिथे काही आठवडे सराव करून हा चमू बेल्जियमला पोहोचला.

पदक मिळाले नाही, पण हात हलवत परतण्याची वेळही आली नाही. चौगुले मॅरेथॉनमध्ये १९ वे आले. त्या वर्षीची मॅरेथॉन नेहमीपेक्षा लांब, तब्बल ४२.७५ किलोमीटरची होती. रणधीर शिंदे फ्रीस्टाइल कुस्तीच्या फेदरवेट गटात चौथे आले. कांस्यपदक एका लढतीने हुकले. कुस्तीतील भारताच्या पहिल्या पदकासाठी मग १९५२ पर्यंत, खाशाबा जाधवांपर्यंत वाट पाहावी लागली.

त्या ऑलिम्पिकमध्ये बर्फावरचे खेळही होते?

होते, आणि इथूनच हिवाळी ऑलिम्पिकची कहाणी भारताच्या कहाणीला समांतर चालू लागते. तोवर स्वतंत्र हिवाळी ऑलिम्पिक नव्हते. फिगर स्केटिंग पहिल्यांदा १९०८ च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये झाले. १९२० मध्ये अँटवर्पला स्केटिंगसोबत आइस हॉकीही आली. मैदानी स्पर्धा ऑगस्टमध्ये होणार होत्या, पण आइस हॉकी एप्रिलमध्येच, बर्फाच्या बंदिस्त रिंकमध्ये उरकण्यात आली. सात संघांत कॅनडाच्या विनिपेग फाल्कन्स संघाने सुवर्ण जिंकले.

म्हणजे पुण्याचे अनवाणी धावपटू ज्या ऑलिम्पिकला गेले, त्याच ऑलिम्पिकमध्ये चार महिने आधी बर्फावर सामने झाले होते. तेच आयोजक, तीच पदके, फक्त ऋतू वेगळा.

शामोनीचा ‘सप्ताह’ ऑलिम्पिक कसा ठरला?

हिवाळी खेळांना वेगळी स्पर्धा द्यावी, ही मागणी जुनी होती. तिला विरोध मात्र बर्फाच्याच देशांतून झाला. स्वीडनमध्ये १९०१ पासून ‘नॉर्डिक गेम्स’ भरत. ऑलिम्पिकच्या नावाने दुसरी स्पर्धा आली तर आपली स्पर्धा मागे पडेल, अशी स्कँडिनेव्हियन देशांना भीती होती. आधुनिक ऑलिम्पिकचे जनक पिएर द कुबेर्तँ यांनाही त्यांना दुखवायचे नव्हते.

मग मधला मार्ग निघाला. १९२४ चे उन्हाळी ऑलिम्पिक पॅरिसला होते. त्याच वर्षी फ्रान्समधील शामोनी या आल्प्स पर्वतातील गावात आंतरराष्ट्रीय हिवाळी क्रीडा सप्ताह भरवायचा, आयओसीने त्याला आश्रय द्यायचा, पण ऑलिम्पिक म्हणायचे नाही. २५ जानेवारी १९२४ रोजी सुरुवात झाली. १६ देशांचे सुमारे अडीचशे खेळाडू आले. पहिले सुवर्ण अमेरिकेच्या चार्ल्स ज्यूट्रॉ यांनी ५०० मीटर स्पीड स्केटिंगमध्ये जिंकले. महिलांना फक्त फिगर स्केटिंगमध्ये प्रवेश होता. त्यात अवघ्या ११ वर्षांची नॉर्वेची सोन्या हेनी शेवटची आली. पुढे तिनेच सलग तीन ऑलिम्पिक सुवर्णपदके जिंकली.

गंमत म्हणजे विरोध करणाऱ्या गटातील नॉर्वे आणि फिनलंड यांनीच सर्वाधिक पदके नेली. विरोध मावळला. १९२५ मध्ये प्रागच्या अधिवेशनात आयओसीने स्वतंत्र हिवाळी ऑलिम्पिक भरवण्याचे ठरवले. पुढच्या वर्षी शामोनीच्या सप्ताहाला पहिले हिवाळी ऑलिम्पिक म्हणून मागाहून मान्यता देण्यात आली. हे निर्णय झाले तेव्हा दोराबजी आयओसीचे सदस्य होते.

१९२४ हे वर्ष दोराबजींसाठी कसे होते?

खडतर. पहिल्या महायुद्धानंतर पोलादाचे भाव कोसळले होते. परदेशी पोलाद स्वस्तात येत होते. टाटांच्या पोलाद कंपनीकडे कामगारांचे पगार भागवण्यापुरतेही पैसे उरले नव्हते. तेव्हा दोराबजींनी आपली सुमारे एक कोटी रुपयांची वैयक्तिक मालमत्ता इम्पिरियल बँकेकडे तारण ठेवली. त्यात मेहरबाईंचे दागिनेही होते. त्यांतील ज्युबिली हिरा २४५ कॅरटचा, म्हणजे कोहिनूरच्या दुपटीहून मोठा. कर्ज मिळाले, पगार झाले, कंपनी सावरली.

एवढ्या अडचणीच्या वर्षीही भारताचा चमू पॅरिसला गेलाच. यावेळी निवडीसाठी दिल्लीत अखिल भारतीय स्पर्धा घेण्यात आली. १९२० मध्ये प्रामुख्याने एका इलाख्याच्या बळावर उभा राहिलेला प्रयोग चार वर्षांत देशभर पसरला होता. धावपटूंसोबत टेनिसपटूही गेले.

भारतीय ऑलिम्पिक संघटना कशी उभी राहिली?

एका श्रीमंत माणसाच्या खिशावर देशाचा चमू कायम जाऊ शकत नाही, हे उघड होते. प्रांतोप्रांती संघटना लागणार होत्या. मद्रासच्या वायएमसीएचे ए. जी. नोहरेन आणि लाहोरचे जी. डी. सोंधी यांनी देशभर फिरून ते काम केले. १९२७ मध्ये भारतीय ऑलिम्पिक संघटना स्थापन झाली आणि दोराबजी तिचे पहिले अध्यक्ष झाले. पुढच्याच वर्षी पतियाळाचे महाराजा भूपिंदर सिंग यांनी अध्यक्षपद स्वीकारले. १९२८ मध्ये ॲमस्टरडॅमला भारताच्या हॉकी संघाने पहिले सुवर्ण जिंकले. पुण्याच्या त्या शर्यतीला तेव्हा जेमतेम नऊ वर्षे झाली होती.

मग भारत हिवाळी ऑलिम्पिकमध्ये का गेला नाही?

हवामान हे कारण पुरेसे नाही. १९२८ मध्ये स्वित्झर्लंडमधील सेंट मॉरिट्झला दुसरे हिवाळी ऑलिम्पिक झाले. त्यात मेक्सिको आणि अर्जेंटिना यांचे बॉबस्ले संघ उतरले होते. भारतात तर हिमालय आहे. सिमल्यात नैसर्गिक बर्फावरील स्केटिंग रिंक १९२० पासून सुरू होती. काश्मीरमधील गुलमर्ग येथे ब्रिटिश अधिकाऱ्यांनी १९२७ मध्ये स्की क्लब काढला.

ही सालेच बोलकी आहेत. १९२० मध्ये भारताचे धावपटू अँटवर्पला निघाले, त्याच वर्षी सिमल्यात स्केटिंग सुरू झाले. १९२७ मध्ये ऑलिम्पिक संघटना स्थापन झाली, त्याच वर्षी गुलमर्गला स्की क्लब आला. खेळ होता, बर्फ होता, पण तो बहुतांशी साहेबांच्या वर्तुळातील विरंगुळा राहिला. डोंगरातील मुलांना त्यातून वर आणणारी शालेय स्पर्धा, निवड चाचणी आणि खर्च उचलणारा हात, ही साखळी तयार झाली नाही. धावपटूंना आणि मल्लांना दोराबजी मिळाले, हिमालयातील मुलांना कुणी मिळाले नाही.

परिणामी हिवाळी ऑलिम्पिकमध्ये भारताचे नाव पहिल्यांदा लागले ते १९६४ मध्ये, ऑस्ट्रियातील इन्सब्रुक येथे. शामोनीनंतर ४० वर्षांनी. तेव्हा एकटे उतरले ते स्कीपटू जेरेमी बुजाकोव्स्की. त्यांचा जन्म पोलिश कुटुंबातला. १९८८ मध्ये शैलजा कुमार या हिवाळी ऑलिम्पिकमध्ये उतरलेल्या पहिल्या भारतीय महिला ठरल्या. १९९८ ते २०१८ या काळात मनालीजवळचे शिवा केशवन सलग सहा वेळा ल्यूज या घसरगाडीच्या खेळात उतरले. देशात त्या खेळाची अधिकृत धावपट्टी नसल्याने ते चाके लावलेल्या स्लेजवरून डोंगरी रस्त्यांवर सराव करत. २०२२ मध्ये बीजिंगला गुलमर्गजवळचे आरिफ खान हे भारताचे एकमेव खेळाडू होते. जायंट स्लालममध्ये ते ४५ वे आले. २०२२ पर्यंत भारताच्या खात्यावर हिवाळी ऑलिम्पिकचे एकही पदक नव्हते.

दोराबजींच्या अखेरच्या वर्षांत काय घडले?

मेहरबाईंचे १८ जून १९३१ रोजी रक्ताच्या कर्करोगाने निधन झाले. या दांपत्याला अपत्य नव्हते. दोराबजींनी १९३२ मध्ये पत्नीच्या नावाने रक्ताच्या आजारांवरील संशोधनासाठी निधी उभारला आणि आपली जवळपास सगळी संपत्ती सर दोराबजी टाटा ट्रस्टला दिली. ज्युबिली हिराही पुढे विकला गेला आणि पैसा ट्रस्टकडे आला. मुंबईतील टाटा समाजविज्ञान संस्था, टाटा मेमोरियल रुग्णालय आणि टाटा मूलभूत संशोधन संस्था या ट्रस्टच्या पाठबळातून उभ्या राहिल्या. मालेगाव-नाशिककडचे कितीतरी रुग्ण आजही परळच्या त्या रुग्णालयाची पायरी चढतात.

पत्नीच्या पहिल्या स्मृतिदिनासाठी इंग्लंडला जात असताना ३ जून १९३२ रोजी जर्मनीतील बाड किसिंगेन येथे दोराबजींचे निधन झाले. लंडनजवळच्या ब्रुकवूड दफनभूमीत मेहरबाईंच्या शेजारी त्यांचे दफन झाले. त्या वर्षी फेब्रुवारीत अमेरिकेतील लेक प्लॅसिडला तिसरे हिवाळी ऑलिम्पिक होऊन गेले होते आणि लॉस एंजेलिसचे उन्हाळी ऑलिम्पिक दोन महिन्यांवर आले होते.

सोचीत काय झाले आणि त्याचा दोराबजींशी संबंध काय?

संस्था असणे म्हणजे काय, हे भारताला एका हिवाळी ऑलिम्पिकनेच दाखवून दिले. निवडणुकीतील सरकारी हस्तक्षेप आणि भ्रष्टाचाराचे आरोप असलेल्या व्यक्तींची निवड, या कारणांमुळे आयओसीने डिसेंबर २०१२ मध्ये भारतीय ऑलिम्पिक संघटनेला निलंबित केले. फेब्रुवारी २०१४ मध्ये रशियातील सोची येथे हिवाळी ऑलिम्पिक सुरू झाले, तेव्हा शिवा केशवन, हिमांशू ठाकूर आणि नदीम इक्बाल हे तीन भारतीय उद्घाटनाला तिरंग्याविना, ऑलिम्पिकच्या ध्वजाखाली चालले. केशवन यांची शर्यतही तशीच झाली. ११ फेब्रुवारीला निलंबन उठले आणि उरलेल्या दोघांना आपल्या देशाच्या नावाने उतरता आले.

दोराबजींनी जी गोष्ट शून्यातून उभी केली होती, ती बिघडली तर काय होते, याचे हे उदाहरण. खेळाडूची मेहनत तीच राहते, पण त्याच्या डोक्यावरचा झेंडा जातो.

मालेगावने यातून काय घ्यावे?

मालेगावपासून जवळच चांदवड तालुक्यातील तळेगाव रोही हे दुष्काळाशी झुंजणारे गाव आहे. तिथल्या दत्तू भोकनळ यांनी २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये नौकानयनात भाग घेतला आणि १३ वे स्थान मिळवले. गावात पाण्याची टंचाई, आणि खेळ वल्हवण्याचा. ते शक्य झाले कारण सैन्यात गेल्यावर त्यांना बोट, प्रशिक्षक आणि स्पर्धा मिळाली. हवामानाने आणि गावाने अडवलेले दार एका संस्थेने उघडले.

यंत्रमागांच्या खडखडाटात वाढणाऱ्या मालेगावच्या मुलांमधून उद्या कुणी बर्फावर उतरेल की नाही, हा पुढचा प्रश्न. आधीचा प्रश्न साधा आहे : शाळेच्या मैदानावर वेळ मोजणारे घड्याळ आहे का, तालुक्याची निवड चाचणी वेळेवर होते का आणि निवड झालेल्या मुलाच्या रेल्वे तिकिटाचे पैसे कोण देतो? दोराबजींनी १९१९ मध्ये एका अनवाणी शर्यतीची वेळ पाहिली आणि ती योग्य दारापर्यंत नेली. तसे बघणारा माणूस नसेल, तर उत्तम वेळही मैदानावरच विरून जाते.